आळ आला तर घर सोडू नका



शिरूर आणि दौंड या दोन तालुक्यांतील ज्या कुटुंबांनी अलीकडे धम्मदीक्षा घेतली आहे, त्यांना उद्देशून आजचे हे बोलणे आहे. तुम्ही घरातले देव नदीत सोडले. देव्हाऱ्याच्या जागी तथागतांची आणि परमपूज्य बाबासाहेबांची प्रतिमा लावली. बावीस प्रतिज्ञा घेतल्या, पंचशील ग्रहण केले. मोठे काम केलेत. परंतु एक वस्तू घरात राहून गेली आहे. ती देव्हाऱ्यात नव्हती, म्हणून नदीतही गेली नाही. ती वस्तू म्हणजे खाकी कपड्याची भीती.

या भीतीने काय होते, ते तुम्हांला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे. कुणाच्या विहिरीवरची मोटार गेली, शेतातली केबल गेली, बंगल्याचे कुलूप तुटले, की चौकशीची पहिली जीप आपल्या वस्तीकडे वळते. पुरावा सापडला म्हणून वळते असे नव्हे. वळायची सवय आहे म्हणून वळते. उजेड दिसला की तरुण पोरे उसात शिरतात. शिरूरला घोड नदी आहे, दौंडला भीमा आहे. नदी ओलांडली की अहिल्यानगर जिल्हा लागतो, तिकडे पाहुणे आहेत. दौंड जंक्शनवर तर मिळेल ती गाडी धरता येते. मागे राहतात म्हातारी माणसे, बाया आणि लेकरे. मग बाईलाच ठाण्यात नेऊन बसवले जाते, नवरा आला की सोडू म्हणून. तिसऱ्या दिवशी गावातला एखादा मध्यस्थ उगवतो. तोडपाणी ठरते. शेळ्या विकल्या जातात, मुकादमाकडून उचल घेतली जाते, आणि पोरगा घरी येतो. सगळे म्हणतात, सुटलो बाबा!

सुटलात का? ठाण्याच्या दप्तरात पोराचे नाव राहिले. तो पळाला होता, हेही राहिले. पुढची मोटार गेली की जीप इकडेतिकडे न फिरता सरळ तुमच्याच दारात येणार.

ही सवय आजची नाही. इंग्रज सरकारने १८७१ साली एक कायदा करून जमातीच्या जमाती जन्मतः गुन्हेगार ठरवल्या. मूल पाळण्यात असतानाच त्याच्यावर आळ. तो कायदा ३१ ऑगस्ट १९५२ रोजी रद्द झाला आणि त्या जमातींना विमुक्त म्हणू लागले. २७ मे २००७ रोजी मुंबईच्या महालक्ष्मी रेसकोर्सवर लक्ष्मण माने यांच्याबरोबर भटक्या-विमुक्तांनी धम्माची दीक्षा घेतली. आपल्या वस्त्यांत आज पूर्वाश्रमीचे महार आहेत, तसे पारधी, कैकाडी, वडारही आहेत. कायदा गेला, परंतु नजर गेली नाही. सर्वोच्च न्यायालयाला ७ मे २०२४ रोजी सर्व राज्यांना सांगावे लागले की मागास समाजातील निरपराध माणसांची नावे निव्वळ पूर्वग्रहाने पोलिसांच्या गुन्हेगारी नोंदवहीत चढणार नाहीत, हे पाहा. सांगावे लागले, याचाच अर्थ ती चढत होती.

आता धम्म काय सांगतो ते पाहू.

कोसंबी नगरीत भगवान बुद्ध राहत असताना मागंदिया नावाच्या राणीने वैरापोटी पैसे देऊन माणसे लावली. ती माणसे रस्त्यारस्त्यावर भगवंतांना आणि भिक्खूंना चोर म्हणत, मूर्ख म्हणत, नाही नाही त्या शिव्या देत. आनंदाला ते सहन होईना. तो म्हणाला, भगवन्, आपण दुसऱ्या नगरीत जाऊ. भगवंतांनी विचारले, तेथील लोकही शिव्या देऊ लागले तर? आनंद म्हणाला, तर तिसऱ्या नगरीत जाऊ. आणि तेथेही तसेच झाले तर? भगवंतांनी आनंदाला समजावले की असे जाणे बरोबर नाही. वाद जेथे उठला तेथेच तो मिटला पाहिजे. त्यानंतर पाहिजे तर माणसाने दुसरीकडे जावे. भगवंत कोसंबीतच राहिले.

बंधूंनो, आपल्या वस्तीवरचा माणूस आनंदासारखाच वागतो. शिरूरहून श्रीगोंद्याला, श्रीगोंद्याहून आणखी पुढे. परंतु आळ गाडीभाडे न देता पाठोपाठ येतो.

तुम्ही म्हणाल, भगवंतांना शिव्याच दिल्या, आमच्यावर तर चोरीचा, खुनाचा आळ येतो. तर ऐका. श्रावस्तीच्या जेतवनात भिक्खुसंघावर खुनाचाच आळ आला होता. बुद्धाचा मान वाढला म्हणून जळणाऱ्या दुसऱ्या पंथाच्या लोकांनी सुंदरी नावाच्या परिव्राजिकेला वरचेवर जेतवनात जायला लावले. लोकांनी तिला तिकडे जाताना पाहिल्यावर मारेकऱ्यांकरवी तिचा खून करवला आणि प्रेत जेतवनातच पुरले. मग हेच लोक राजा प्रसेनजिताकडे ओरडत गेले, की आमची सुंदरी नाहीशी झाली. झडती झाली, प्रेत निघाले. ते तिरडीवर घालून गावभर फिरवले आणि बुद्धाच्या शिष्यांची ही करणी पाहा म्हणून आरोळ्या ठोकल्या. म्हणजे मुद्देमाल आधी ठेवायचा आणि मग झडतीत काढून दाखवायचा, ही युक्ती अडीच हजार वर्षांची जुनी आहे!

भिक्खूंना भिक्षा मिळेना, रस्त्यावर चालणे कठीण झाले. तथागत काय म्हणाले? हा गोंगाट सात दिवस टिकेल, असे म्हणाले. खोटे बोलणाऱ्याची गती काय होते, तेवढेच शांतपणे लोकांना सांगायला त्यांनी सांगितले. भिक्खू जेतवन सोडून गेले नाहीत. त्यांनी कुणाचे पाय धरले नाहीत, कुणावर हात उचलला नाही. अट्ठकथेत पुढची हकीगत आहे. राजाने आपली माणसे शोधाला लावली. खुनाच्या पैशांवर दारू पिऊन मारेकरी आपसात भांडू लागले, तू मारलेस, मी मारले, असे बोलून गेले आणि पकडले गेले. मारेकऱ्यांना शिक्षा झाली आणि त्यांना पैसे देणाऱ्यांनाही. परमपूज्य बाबासाहेबांनी ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात ही कथा मुद्दाम घेतली आहे. बाबासाहेब बॅरिस्टर होते. खोटा आरोप म्हणजे काय आणि तो कशाने पडतो, हे त्यांना चांगले माहीत होते.

या कथेतून खंतीचा अर्थ घ्या. आपल्या पूर्वजांनी सोसले ते दैव म्हणून. खंती ही तशी नाही. शांत राहून, जागा न सोडता, चौकशी पुरी होऊ देणे आणि ती खरी होईल हे पाहणे, याला खंती म्हणतात.

चौकशी म्हटली की नवदीक्षितांच्या घरी एक वेगळीच अडचण उभी राहते, आणि ती मला फार महत्त्वाची वाटते. गावाची जुनी चौकशी म्हणजे शपथ. चोरीचा संशय आला की गाव म्हणते, तू खरा असशील तर बेलभंडार उचल, देवळात चल, अंगारा हातात घे. जेजुरी काही आपल्याला लांब नाही. भंडाऱ्याच्या शपथेचा धाक या मुलखात पिढ्यानुपिढ्या आहे. काही जमातींच्या जातपंचायतींत तर उकळत्या तेलातून नाणे काढण्याचे दिव्य करायला लावीत. आता तुम्ही बौद्ध झालात. तुम्ही भंडारा उचलणार नाही आणि उचलूही नये. मग गाव म्हणते, पाहा, शपथ घेत नाही, म्हणजे चोर हाच! धर्म बदलला तो पाप लपवायला बदलला!

येथे डगमगू नका. ज्याचा हात भाजला तो चोर, या न्यायात सत्याचा शोध कोठे आहे? संघात तसा न्याय नव्हता. दब्ब मल्लपुत्त नावाच्या स्थविरावर त्याच्यावर रुसलेल्या भिक्खूंनी एका भिक्खुणीकरवी घाणेरडा आरोप करवला. भगवंतांनी दब्बाला सगळ्यांसमोर विचारले. केले असेल तर केले म्हण, नसेल तर नाही म्हण, असे स्पष्ट उत्तर मागितले. तो नाही म्हणाला. मग आरोप करणाऱ्यांची उलटतपासणी झाली आणि आपण हे रचले, असे त्यांनी कबूल केले. विनयपिटकात वाद मिटवण्याचे सात मार्ग आहेत. त्यांतला पहिला मार्ग असा, की ज्याच्यावर आरोप आहे त्याच्या समोरच निवाडा व्हायचा, त्याच्या पाठीमागे नाही. आज न्यायालयात आरोपीचे म्हणणे ऐकल्याशिवाय शिक्षा देता येत नाही. बौद्ध माणसाला हे परके वाटायला नको. आणि न्यायालयात जबाब देताना देवाची शपथ घ्यावी लागत नाही. १९६९च्या शपथ कायद्याप्रमाणे, मी सत्यप्रतिज्ञेवर सांगतो, एवढे म्हटले की पुरते. साक्षीच्या पिंजऱ्यात उभे राहाल तेव्हा तसे सांगा.

बाबासाहेबांनीही हीच वाट धरली. २० मार्च १९२७ रोजी महाडला चवदार तळ्याचे पाणी पिऊन परतणाऱ्या आपल्या माणसांवर हल्ला झाला. आपली माणसे हजारोंनी होती. मनात आणले असते तर महाड शहरात काय झाले असते ते सांगायला नको. बाबासाहेबांनी त्यांना आवरले आणि कायद्याचा मार्ग धरला. हल्लेखोरांवर खटला झाला, पाच जणांना चार महिन्यांची सक्तमजुरी झाली. तळ्याचा दावा मात्र लांबला. डिसेंबर १९२७ मध्ये मनाई हुकूम आला; उच्च न्यायालयाचा निकाल आपल्या बाजूने लागला तो १७ मार्च १९३७ रोजी. म्हणजे सव्वानऊ वर्षे! एवढ्या मोठ्या माणसाला सव्वानऊ वर्षे लागली, तर आपल्याला पहिल्या तारखेला न्याय मिळाला नाही म्हणून हात टेकायचे कारण नाही.

आता घरगुती भाषेत सांगतो. रात्री जीप आली आहे असे समजा.

दार उघडा. दिवा लावा, शेजाऱ्यांना हाक मारा. अटक करायला आलेल्या पोलिसाच्या अंगावर त्याचे नाव नीट दिसले पाहिजे, असा कायदा आहे, ते वाचा. वाचता येत नसेल तर शाळेत जाणाऱ्या मुलीला वाचायला सांगा. साहेबांनी बोलावले आहे, असे नुसते तोंडी सांगितले तर लेखी नोटीस मागा. १ जुलै २०२४ पासून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली आहे. तिच्या ३५व्या कलमात अशा नोटिशीची तरतूद आहे. सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यात सरसकट अटक करायची नाही, अटकेची गरज का पडली ते पोलिसाने लिहून ठेवायचे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ सालीच बजावलेले आहे. साधी चोरी याच वर्गात बसते. नोटीस मिळाली तर त्या दिवशी, त्या वेळी जा. एकटे जाऊ नका, वस्तीतली दोन शहाणी माणसे बरोबर न्या.

आयाबहिणींनो, तुम्ही हे नीट ऐका. बाईला, पंधरा वर्षांखालच्या मुलाला आणि साठ वर्षांवरच्या म्हाताऱ्याला जबाबासाठी ठाण्यात बोलावता येत नाही. पोलिसाने घरी येऊन विचारायचे असते. त्याच संहितेचे ते १७९वे कलम आहे. नवऱ्याच्या बदल्यात बायकोला बसवून ठेवायला कायद्यात कोठेही आधार नाही. ते बेकायदा डांबणे आहे आणि तो गुन्हा आहे. सूर्य मावळल्यापासून उगवेपर्यंत बाईला अटक करायची तर तसेच असाधारण कारण लागते, महिला पोलीस अधिकारी लागते आणि न्यायदंडाधिकाऱ्यांची आधी परवानगी लागते.

अटक झालीच तर अटकेचा पंचनामा तेथल्या तेथे व्हायला हवा आणि त्यावर घरच्या माणसाची किंवा वस्तीतल्या प्रतिष्ठित माणसाची साक्षीदार म्हणून सही हवी. अटक का केली आणि कोठे ठेवले, हे घरच्यांना कळवलेच पाहिजे. वकिलाला भेटू दिले पाहिजे. सरकारी डॉक्टरकडून तपासणी झाली पाहिजे. आणि प्रवासाचा वेळ सोडून चोवीस तासांच्या आत न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे उभे केले पाहिजे. हा तर बाबासाहेबांच्या संविधानातला २२वा अनुच्छेद आहे. घड्याळ पाहून नेल्याची वेळ लिहून ठेवा. मोबाइल असेल तर फोटो काढा. पोलिसांपुढे दिलेली कबुली न्यायालयात पुरावा म्हणून चालत नाही. म्हणून माराच्या भीतीने खोटे कबूल करू नका आणि कोऱ्या कागदावर सही किंवा अंगठा देऊ नका.

न्यायदंडाधिकारी साहेब आरोपीला विचारतात, पोलिसांविरुद्ध काही तक्रार आहे काय? मारहाण झाली काय? आणि आपला माणूस मान खाली घालून म्हणतो, नाही साहेब! कारण रात्री ज्याने मारले तोच शिपाई दोरी धरून शेजारी उभा असतो. दोन मिनिटांचा हा प्रसंग. परंतु येथे जे नाही म्हटले गेले ते कागदावर चढते, आणि पुढे उच्च न्यायालयापर्यंत तेच वाचले जाते. तेव्हाच का सांगितले नाही, असे विचारतात. असत्य बोलणार नाही असे चौथे शील तुम्ही दर पौर्णिमेला म्हणता ना? मार खाल्ला आणि खाल्ला नाही म्हणालात, तर तेही असत्यच आहे. घाबरून बोललेले असत्य, एवढेच. त्या क्षणी अंगावरचे वळ दाखवा, कोणी मारले, कोठे मारले ते सांगा आणि वैद्यकीय तपासणी मागा. बोलता येत नसेल तर बोट दाखवा.

ठाण्यांत कॅमेरे बसवायचा आणि त्यांतले चित्रण जपून ठेवायचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने २ डिसेंबर २०२० रोजी दिला आहे. आठवडाभराच्या आत अर्ज करा की अमुक तारखेचे, अमुक वेळेचे चित्रण जपून ठेवावे. पुढे कॅमेरा बंद होता असे उत्तर आले, तर तेही उत्तर लेखीच येऊ द्या.

आपली फिर्याद घेत नसतील तर काय करायचे? दखलपात्र गुन्ह्याची फिर्याद नोंदवलीच पाहिजे, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने १२ नोव्हेंबर २०१३ रोजी दिला. आमच्या हद्दीत नाही, हे कारण चालत नाही. याचे उदाहरण तुमच्याच तालुक्यातले आहे. १ जानेवारी २०१८ रोजी विजयस्तंभाला मानवंदना द्यायला आलेल्या आपल्या बांधवांवर शिरूर तालुक्यातील कोरेगाव भीमा परिसरात हल्ले झाले. दुसऱ्या दिवशी एका भगिनीने पिंपरीच्या ठाण्यात फिर्याद दिली आणि ती पुढे शिक्रापूर ठाण्याकडे वर्ग झाली. जेथे पाय पोचला तेथे तिने लिहून दिले. तुमच्या फिर्यादीची प्रत तुम्हांला फुकट मिळाली पाहिजे. ठाण्यात दाद लागली नाही तर पुणे ग्रामीणच्या पोलीस अधीक्षकांना लेखी अर्ज टपालाने पाठवा. तेथेही काही झाले नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जा. शिरूरला न्यायालय आहे, दौंडला आहे. पोलिसाविरुद्धच तक्रार असेल तर राज्य पोलीस तक्रार प्राधिकरण आहे, मानवी हक्क आयोग आहे. मात्र आयोगाकडे वर्षाच्या आत गेले पाहिजे. चॅप्टरची नोटीस आली तर तहसील कचेरीत नुसता अंगठा देऊन परत येऊ नका, लेखी उत्तर द्या. तडीपारीचा हुकूम झाला तर ३० दिवसांत राज्य सरकारकडे अपील करता येते. आपली किती पोरे हे ठाऊक नसल्यामुळे दोन वर्षे परक्या जिल्ह्यात उसाच्या फडावर काढून आली आहेत!

वकिलाला द्यायला पैसे कोठून आणू, असे प्रत्येक जण विचारतो. मध्यस्थाला द्यायला मात्र शेळी विकून आणता, हे मला येथे बोलल्याशिवाय राहवत नाही. १९८७च्या कायद्याने अनुसूचित जाती-जमातीच्या माणसाला, कोणत्याही स्त्रीला आणि कोठडीत असलेल्या कोणालाही, उत्पन्न कितीही असो, सरकारी खर्चाने वकील मिळतो. तालुका न्यायालयातच विधी सेवा समिती असते. १५१०० या क्रमांकावर फोनही करता येतो. मिळणारा वकील कधी चांगला असतो, कधी कामचुकार असतो. कामचुकार निघाला तर बदलून मागा.

आता जातीचा प्रश्न. पुष्कळ उपासक मला विचारतात की आम्ही जात सोडून बौद्ध झालो, मग फिर्यादीत पुन्हा जात कशाला लिहायची? मनाला लागणारी गोष्ट आहे, खरे आहे. परंतु असे पाहा, तुम्ही जात सोडलीत. ज्याने शिवी दिली, खोटी केस केली, त्याने ती सोडलेली नाही. फिर्यादीत लिहायची ती त्याच्या डोक्यातली जात. धर्म बौद्ध, पूर्वाश्रमीची जात अमुक, असे दोन्ही लिहा. बौद्ध झालात म्हणून ॲट्रॉसिटी लागत नाही, असे कोणी ठाण्यात सांगितले तर ते चूक आहे. १९९० साली संसदेने अनुसूचित जातींच्या आदेशात दुरुस्ती केली आणि बौद्धांनाही त्यात घेतले. अनुसूचित जमातीच्या माणसाला तर धर्म बदलल्याने काहीच बाधा येत नाही; पारधी बांधवांनी हे लक्षात ठेवावे. विमुक्त जातींच्या यादीतल्या बंधूंना हा कायदा लागू नाही, हा अन्याय आहे. त्यांनी मात्र बाकीचे सगळे मार्ग वापरावेत, ते सर्वांना सारखेच खुले आहेत.

१९८९च्या त्या कायद्यात आपल्या माणसावर खोटा, त्रास देण्यासाठी खटला करणे हाच एक गुन्हा आहे. सरकारी नोकराला खोटी माहिती देऊन त्याच्याकडून आपल्याला त्रास देवविणे, हाही गुन्हा आहे. कर्तव्य जाणूनबुजून टाळणाऱ्या अधिकाऱ्याला चौथ्या कलमाप्रमाणे सहा महिने ते एक वर्ष कैद सांगितली आहे. ही कलमे पाठ असू द्या.

परंतु हे शस्त्र हातात घेताना चौथे शील विसरू नका. बांधाचे भांडण आहे म्हणून शेजाऱ्यावर खोटी ॲट्रॉसिटी करू नका. सुंदरीचे प्रेत जेतवनात पुरणारे आणि आपण, यांत मग फरक काय राहिला? आणि आपल्याच पोराने खरोखर चोरी केली असेल तर त्याला लपवू नका. अंगुलिमालाला शोधत राजा प्रसेनजित आला, तेव्हा भगवंतांनी हात दाखवून सांगितले, महाराज, हा येथे बसला आहे. त्याला लपवला नाही आणि टाकलाही नाही. चोरी केलेल्या पोरालाही मारहाण करण्याचा अधिकार कुणाला नाही, हे तेव्हाही बोलायचेच.

न्याय मिळतो का? मी तुम्हांला गोड बोलून फसवणार नाही. जालना जिल्ह्यातील भोकरदन तालुक्यात ५ जून २००३ रोजी एका कुटुंबावर भयंकर अत्याचार झाला, माणसे मारली गेली. त्यात भटक्या जमातीतील सहा गरीब माणसांना धरले. वाचलेल्या बाईने पोलिसांच्या फोटोंतून दुसरेच चौघे ओळखले होते. त्यांचा तपास झालाच नाही. या सहा जणांना २००९ साली सर्वोच्च न्यायालयापर्यंत फाशी कायम झाली. पुढे त्याच न्यायालयाने पुन्हा सुनावणी घेऊन ५ मार्च २०१९ रोजी सहाही जणांना निर्दोष सोडले, प्रत्येकी ५ लाख रुपये भरपाई द्यायला लावली आणि चुकार अधिकाऱ्यांवर कारवाई करा म्हणून सांगितले. सोळा वर्षे गेली. पाच लाखांत सोळा वर्षे परत येत नाहीत. फाशीच्या दोरापासून माणसे परत आली, ती अर्जावर अर्ज चालू राहिले म्हणून.

ओरिसात १९८७ साली नीलाबती बेहेरा नावाच्या आईचा मुलगा पोलिसांनी नेला आणि दुसऱ्या दिवशी त्याचे प्रेत रेल्वेमार्गावर सापडले. त्या आईने १९८८ साली सर्वोच्च न्यायालयाला एक पत्र लिहिले. नुसते पत्र! न्यायालयाने तेच पत्र याचिका मानले आणि १९९३ साली दीड लाख रुपये भरपाई द्यायला लावली. कोठडीत माणूस मेला तर सरकार जबाबदार, हा कायदा त्या आईच्या पत्रावर उभा आहे.

आणि परभणीची हकीगत तर ताजी आहे. १० डिसेंबर २०२४ रोजी तेथे बाबासाहेबांच्या पुतळ्यासमोरील संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली. नंतरच्या धरपकडीत सोमनाथ सूर्यवंशी हा कायद्याचा अभ्यास करणारा वडार समाजातील तरुण पकडला गेला आणि १५ डिसेंबरला कोठडीतच गेला. आजाराने गेला, असे सांगण्यात आले. त्याची आई विजयाबाई यांनी ते मान्य केले नाही. शवविच्छेदनात अंगावर अनेक जखमा निघाल्या. आई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाकडे गेली, ॲड. प्रकाश आंबेडकर यांनी बाजू मांडली. ४ जुलै २०२५ रोजी न्यायालयाने गुन्हा नोंदवण्याचा आदेश दिला. राज्य सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले. तेथेही ३० जुलैला आदेश कायम राहिला. मुलगा परत आला नाही. परंतु तो आजाराने मेला, हे वाक्य सरकारी दप्तरात शेवटचे वाक्य म्हणून राहिले नाही, आणि ते एका आईने राहू दिले नाही.

तेव्हा आता वस्तीत काय करायचे ते ठरवू. विहारात धम्मग्रंथांच्या शेजारी एक पत्र्याची पेटी ठेवा. त्यात कोरे कागद, कार्बन, दोन पेन, घरटी आधार कार्डाच्या आणि जातीच्या दाखल्याच्या झेरॉक्स ठेवा. विधी सेवा समितीचा आणि एका विश्वासू वकिलाचा क्रमांक झाकणावर मोठ्या अक्षरात लिहा. पौर्णिमेला वंदना आटोपली की अर्धा तास अर्ज लिहायला शिकवा. आधी बायांना शिकवा, कारण जीप येते तेव्हा घरात त्याच असतात. अर्जात तारीख, वेळ, जागा, कोण आले, काय बोलले, कोणी पाहिले, एवढेच लिहायचे. फुगवून लिहायचे नाही. प्रत्येक अर्जाच्या दोन प्रती करा. एक द्या, दुसरीवर पोच म्हणून सही-शिक्का घ्या. ठाणे अंमलदार पोच देत नसेल तर वाद घालत बसू नका. सरळ टपाल कचेरीत जा. पूर्वीचे रजिस्टर पोस्ट १ सप्टेंबर २०२५ पासून स्पीड पोस्टातच मिळाले आहे, म्हणून स्पीड पोस्ट मागा, पोचपावतीसह मागा, आणि ती पावती परत आणून त्याच पेटीत ठेवा.